बिनगाठीचा टाका

बसच्या रांगेत उभी असताना तिनं सहज मान वर केली आणि समोरच्या नगरपालिकेच्या इमारतीवर लटकणाऱ्या निशाणाची मशाल उसवलेली तिला दिसली. मशाल म्हणजे नव्या सरकारची खूण: गडद लाल मखमलीवर शिवलेली, सोनेरी कापडाची, पुरुषभर उंचीची. दांडा जागच्या जागी होता, पण ज्वाळेचं टोक चांगलं हातभर सुटलं होतं आणि दमलेल्या कुत्र्याच्या जिभेसारखं लोंबत होतं. रांगेतला एक टोपीवाला फिस्सकन हसला. हसला, आणि लगेच डावीउजवीकडे बघून त्यानं खोकल्याचं सोंग आणलं. चार महिन्यांत लोक एवढं शिकले होते. तिला हसू आलं नाही. एवढ्या लांबून दोरा दिसत नाही, हे सुईवर तीस वर्षं पोट भरलेल्या बाईला कुणी सांगायला नको. दोरा दिसत नव्हता, पण उसवण्याची तऱ्हा दिसत होती. गाठ मारलेली शिवण तुटते तेव्हा एका जागी तुटते, पुढचे टाके कापड धरून ठेवतात. ही तुटली नव्हती. हिच्यातून दोरा मुकाट्यानं सरकत, निसटत चालला होता, कुणी त्याला जायची परवानगीच देऊन ठेवल्यासारखा. असा टाका साऱ्या शहरात एकच बाई घालते, आणि ती बाई या घटकेला जेवणाचा डबा छातीशी धरून रांगेत पाचवी उभी होती.

बस आली, खिडकी मिळाली. दोन शिपाई शिडी घेऊन नगरपालिकेकडे धावताना तिनं पाहिले आणि मान खाली घातली. चोवीस निशाणं. चोवीसच्या चोवीस तिच्याच कारखान्यातून गेली होती. कारखाना मुळात नाटकाच्या पडद्यांचा. नाटकं बंद झाली आणि निशाणं सुरू झाली, तेव्हा कटिंग मास्तर म्हणाला होता, कापड तेच बायांनो, फक्त हा पडदा वर जात नाही. हसायचं की नाही हे न कळून सगळ्या जणी शिलाईत बघत राहिल्या होत्या. सोनेरी कापड मखमलीवर मशीननं शिवलं की चुण्या पडतात, म्हणून मशाल हातानं लावायची. काजं-बटणं करणारी काजवाली आधी कच्चे टाके घालून मशाल जागेवर बसवायची, आणि मग हिनं त्यावर पक्की शिलाई घालायची, कारण हिचा टाका कारखान्यात सगळ्यांत बारीक. त्यावरून तिचं नावच बारीकताई पडलं होतं. अंगानं ती चांगली ऐसपैस, दोन खुर्च्यांची धनीण, त्यामुळे नवी आलेली मुलगी हे नाव ऐकून हमखास इकडंतिकडं शोधायची. सगळ्या मशाली तिनं गाठी मारून, रीतसर, कुणीही ओढून बघाव्यात अशा शिवल्या होत्या. ही एक सोडून. ही कोणत्या दिवशी शिवली तेही तिला आठवत होतं, आणि न आठवण्यासाठी ती बसच्या काचेवरचे डाग मोजू लागली. डाग सात होते. सात मोजून झाल्यावर आत्या आलीच.

आत्या म्हणजे तिच्या वडिलांची थोरली बहीण, नवऱ्यामागं माहेरी राहिलेली, जिभेनं तिखट. यहुद्यांच्या वस्तीत कुणी गेलं की आत्याकडे पांढऱ्या कापडाचा तागा यायचा, आणि आत्या हात धुऊन खिडकीशी बसायची. गेलेल्या माणसाचा शेवटचा पोशाख. श्रीमंताला तसाच, हमालाला तसाच. खिसा नाही, कारण न्यायचं काही नाही. आणि दोऱ्याला गाठ नाही. नऊ वर्षांची असताना तिनं पहिला टाका घातला आणि शाळेत शिकवल्याप्रमाणे टोकाला गाठ मारली, तेव्हा आत्यानं हातावर फटका मारला होता. "गाठ नाही मारायची गं. गेलेल्याला बांधून ठेवायचं नाही. गाठी आपल्यासाठी, जित्यांसाठी." मग उसवलं तर, असं तिनं विचारलं. आत्या म्हणाली, "मातीखाली वारा असतो होय, बावळट?" त्या उत्तरानं तिला कितीतरी दिवस झोप लागली नव्हती. पण हात शिकला. आत्या गेली तेव्हा आत्याचा पोशाख तिनंच शिवला, मग आईचा, मग वडिलांचा, मग ज्यांची लग्नं तिला आठवत होती अशा कितीकांचे. चाळीस घरं उरली होती वस्तीत. त्यातही सुई धरू शकणाऱ्या बायका तीन, आणि त्यातल्या दोघींना सुई ओवून द्यावी लागायची. गेल्या पंधरा दिवसांत तीन माणसं गेली होती. तिसरे घड्याळजी काका. त्यांच्या दुकानाच्या पाटीवर कुणीतरी डांबर फासलं. काका दोन दिवस शिडीवर चढून ते घासत बसले, तिसऱ्या दिवशी पाटी लख्ख झाली आणि काका खाली उतरून स्टुलावर बसले ते उठले नाहीत. त्या सकाळी दहा वाजेपर्यंत तिनं त्यांचा सदरा पुरा केला आणि अकराला ती कारखान्यात होती, कारण हल्ली रजा मागितली की कारण विचारत, आणि कारण सांगितलं की लिहून घेत. बोटांना अजून त्या पांढऱ्या कापडाचा कोरा वास होता. पुढ्यात मशाल आली. तिनं सुई ओवली आणि शिवली. बस्स, एवढंच. पण एवढंच होतं का? शिवताना आपल्याला कळलं नव्हतं, की कळलं होतं आणि हाताला थांबवलं नाही? कारण मधेच कधीतरी तिला फार शांत वाटलं होतं, चार महिन्यांत वाटलं नव्हतं इतकं, हेही तिला आठवत होतं आणि हेच तिला सगळ्यांत जास्त घाबरवत होतं.

कारखान्यात त्या दिवशी काही घडलं नाही, आणि काही न घडण्यात किती कष्ट असतात ते तिला कळलं. दरवाजा वाजला की सुई बोटात. रस्त्यावर मोटार थांबली की सुई बोटात. काजवाली शेजारच्या खुर्चीवर बटणांचा डबा मांडीत घेऊन बसली होती. हडकुळी, सदा सर्दी झालेली, तोंडानं अखंड चालू. "काय गं, आज बोटाची चाळणी करायचा बेत आहे का?" तिनं विचारलं, आणि उत्तराची वाट न बघता खुंटीवरच्या कोटाकडे बोट दाखवलं. "आणि ते दुसरं बटण बघ. एका दोऱ्यावर जीव धरून आहे बिचारं. शिवणकामात अर्धं आयुष्य गेलं तुझं, आणि अंगात हा असला कोट! दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच. आण इकडे, दोन मिनिटांत लावून देते." ती म्हणाली, उद्या. महिनाभर ती उद्याच म्हणत होती. खरं म्हणजे काजवालीला हात लावू द्यायची तिला थोडी लाज वाटायची. मागच्या थंडीत काजवालीनं अंगावरच तिच्या झग्याचा काठ वर घेतला होता, तेव्हा तिनं सवयीनं दोऱ्याचा तुकडा तोंडात धरला आणि चावत राहिली. "काय चघळतेस? गाय आहेस का?" काजवाली खो खो हसत सुटली होती. मग सांगावं लागलं, की आमच्यात अंगावरचा कपडा शिवताना दोरा चावायचा असतो. अंगावर कपडा शिवतात तो मेलेल्याच्या. चावलं म्हणजे आपण जिवंत आहोत हे कळतं. "कुणाला कळतं?" काजवालीनं विचारलं होतं. याचं उत्तर आत्यानं दिलं नव्हतं. त्यानंतर काजवाली आठवडाभर तिला बघून तोंड हलवायची, पण कुणाला सांगितलं मात्र नाही. चार महिन्यांपूर्वी या सगळ्याला गंमत म्हणत. आता काजवालीचा भाऊ, छापखान्यातला, कामगार संघटनेचा माणूस, अडीच महिने कुठं होता ते कुणाला ठाऊक नव्हतं, आणि काजवालीच्या गप्पांत भाऊ हा शब्द येईनासा झाला होता. दोघी जेवायला बसल्या. एकीनं भावाचं विचारलं नाही, दुसरीनं मशालीचं. डबे मात्र नेहमीसारखे अर्धे अर्धे वाटून खाल्ले.

घरी नवरा नकाशांच्या गुंडाळ्या कपाटावरून काढून पुसत बसला होता. तो भूगोलाचा शिक्षक. नवे नकाशे छापून येईपर्यंत घरी बसा, असं त्याला शाळेनं सांगितलं होतं. नद्या तरी त्याच ठेवतील ना, असं तो येणाऱ्याजाणाऱ्याला विचारी, आणि मग विचारणंही त्यानं सोडलं. तिनं कोट न काढताच सगळं सांगितलं. तो ऐकत राहिला, पुसायचं फडकं हातात तसंच.

"गाठ मारायला विसरलीस?"

"विसरले नाही. मारली नाही."

"त्यात फरक काय?"

"तोच तर कळत नाहीये, अहो."

त्यानं फडक्याची घडी घातली, उलगडली, पुन्हा घातली. "हे बघ, दुसऱ्या कुणी चूक केली की ती चूक असते. आपण केली की तो कट होतो. तुझ्याकडं विचारायला आले तर तुला काही माहीत नाही. आणि उद्यापासून एक काय, तीन तीन गाठी मार."

"हाताची सवय आहे, असं खरंखरं सांगितलं तर?"

"कसली सवय, म्हणून विचारतील. मग? मेलेल्यांचे कपडे शिवायची सवय, आणि तोच टाका तुमच्या निशाणाला घातला, असं सांगणार? अगं, खोटं बोलून माणूस एक वेळ सुटेल, हे खरं बोलून कसं सुटेल? आणि तू एकटी नाहीस. सकाळी तू तोंड उघडशील आणि संध्याकाळपर्यंत चाळीस घरांची दारं वाजतील." हे बोलताना त्याचा आवाज चढला नाही, उलट इतका खाली गेला की तिला पुढं वाकावं लागलं. तिला त्याचा राग आला, आणि तो बरोबर बोलत होता म्हणून जास्तच आला. याच माणसानं लग्नाआधी तिला सांगितलं होतं, की आपल्या लोकांचं घाबरणं आपल्या मुलांत उतरू द्यायचं नाही. मुलं झाली नाहीत. घाबरणं मात्र दोघांत मिळून वाढवलं, खाऊपिऊ घातलं, आणि आता ते घरातल्या कर्त्यासारखं टेबलाशी बसून सल्ले देत होतं. जेवल्यावर तिनं जुन्या उशीच्या अभ्र्याचं कापड घेतलं आणि ती गाठी मारत बसली. सुई ओवायची, गाठ मारायची, चार टाके, शेवटी पुन्हा गाठ. बोटं ऐकत होती. आपलीच बोटं, पण पाळलेल्या जनावरासारखी तिच्या तोंडाकडे बघून ऐकत होती.

दुसऱ्या दिवशी साडेनऊला अधिकारी आला. तो तिला वाटला होता तसा नव्हता. चष्मा, सर्दट आवाज, बुटांवर चिखल. बरोबर दोन शिपाई आणि निशाण. ते कापायच्या मोठ्या टेबलावर उलटं पसरलं, आणि जी बाजू सहसा कुणी बघत नाही ती उजेडात आली. मास्तरनं चष्मा लावला, वाकला, शिवणीवरून अंगठा फिरवला. मास्तरला प्रत्येकीचा हात ओळखू येतो. अंधारात टाके चाचपून तो कुणाचे ते सांगेल. त्याचा अंगठा थांबला. त्यानं वर पाहिलं, ते तिच्याकडे नाही, तिच्या डोक्यावरून मागच्या भिंतीकडे, आणि तो म्हणाला, "सांगता येत नाही साहेब. काम घाईचं होतं, सगळ्यांचेच हात लागलेत." त्याच्या वरच्या ओठावर घाम आला होता. अधिकाऱ्यानं मान हलवली. "सुरुवातीला गाठ नाही, शेवटी नाही, मधे कुठंही नाही," तो म्हणाला. "भर चौकात राष्ट्राची खूण गळून पडावी, अशी कुणाची तरी इच्छा दिसते. हरकत नाही. प्रत्येकीनं सुई ओवायची आणि माझ्यासमोर या चिंधीवर चार टाके घालायचे."

अकरा बायका. तिचा क्रमांक आठवा. सात जणींनी घातलेले टाके तिला दिसले नाहीत. दिसत होता तो फक्त दोरा, जिभेनं ओला होणारा, सुईच्या नेढ्यात शिरणारा. तिची पाळी आली. तिनं दोरा ओवला, टोक तर्जनीवर गुंडाळलं, अंगठ्यानं सरकवलं, ओढलं. गाठ बसली. छोटी, गोल, मोहरीएवढी. आयुष्यात इतकी सुरेख गाठ तिनं मारली नव्हती. चार टाके, पुन्हा गाठ. अधिकाऱ्यानं चिंधी नखानं ओढून पाहिली, घट्ट होती, आणि तो पुढं सरकला. सुटले, असं तिच्या मनात आलं. त्याच क्षणी आत्याचा फटका हातावर बसल्यासारखी तिची बोटं झिणझिणली. शेजारी काजवालीनं सुई घेतली. तीनदा ओवल्यावर दोरा आत गेला. आणि चार टाके घाला म्हटल्यावर काजवालीनं तेच केलं जे ती रोज शंभरदा करते: लांब लांब कच्चे टाके. कच्च्या टाक्याला गाठ नसतेच, नंतर ओढून काढायचा असतो तो. अधिकाऱ्यानं टोक चिमटीत धरून ओढलं आणि दोरा सळसळत बाहेर आला.

"साहेब, कच्चा टाका आहे तो," मास्तर म्हणाला. "तिचं कामच ते. त्याला गाठ मारत नाहीत."

"तुम्हाला तर सांगता येत नव्हतं ना मास्तर?" अधिकाऱ्यानं वळूनही पाहिलं नाही. अधिकाऱ्यानं खिशातून एक कागद काढला, वाचला, घडी करून ठेवला. "बाई, तुमचा भाऊ छापखान्यात होता, नाही का?"

काजवालीनं तोंड उघडलं आणि मिटलं. अखंड चालणारं ते तोंड. ती एक शब्द बोलली असती तर पुरे होतं. मशालीची पक्की शिलाई कुणाची असते ते तिला ठाऊक होतं, या अकराही जणींना ठाऊक होतं. ती खाली आपल्या बटणांच्या डब्यात बघत राहिली, जणू त्यातलं एखादं हरवलंय. शिपायानं तिच्या दंडाला धरलं. बारीकताईला नवऱ्याचा खाली गेलेला आवाज ऐकू आला, चाळीस दारं, एकामागून एक. घड्याळजी काकांची लख्ख पाटी दिसली. मग वाटलं, आपण आत्ता गप्प बसलो तर ही मारलेली गाठ सुटायची नाही, मरेपर्यंत नाही, आणि मेल्यावर आपला पोशाख शिवायला जी कुणी बसेल तिला ती हाताला लागेल. असलं काहीतरी वेडंविद्रं तिच्या डोक्यात येत असतानाच तिचा आवाज बोलून गेला होता.

"तो टाका माझा आहे."

अधिकारी परत आला. "तुमची गाठ तर मी आत्ता पाहिली."

"आत्ता भीतीनं मारली. त्या दिवशी विसरले."

"एकदा विसरतो माणूस. अख्खी मशाल शिवेपर्यंत विसरत नाही. मैत्रिणीला वाचवताय तुम्ही." तो चक्क कंटाळल्यासारखा बोलला. शिपायानं काजवालीला दाराकडे वळवलं.

तेव्हा तिनं सुई उचलली. कुणी सांगितलं नव्हतं. निशाणाच्या सुटलेल्या ज्वाळेशी वाकून तिनं शिवायला सुरुवात केली, बिनगाठीची. आणि बोटांनी आज काही विचारलं नाही, ती आपली चालू लागली. बारीक, तिरपे, एका मापाचे टाके, शेजारच्या उरलेल्या टाक्यांना जाऊन असे मिळाले की कुठं जुने संपले आणि कुठं नवे लागले ते मास्तरलाही सांगता आलं नसतं. सगळा कारखाना बघत होता. अधिकाऱ्यानं चष्मा काढून पुसला.

"हे कुठं शिकलात?"

"आत्याकडे."

"काय शिवायची आत्या?"

खोटं शोधायला वेळ होता. तिनं शोधलंही, पडदे, उशा, लहान मुलांची टोपडी. कशालाच गाठ नसते असं सांगता येईना. "आम्ही यहुदी," ती म्हणाली. "आमच्यात गेलेल्या माणसाचा शेवटचा पोशाख असा शिवतात. त्या सकाळी एक शिवून आले होते. हात तसाच चालत राहिला."

कुठल्यातरी मशीनचं पायडल कुणाच्यातरी पायाखाली एकदा खटकन वाजलं आणि थांबलं. अधिकारी मखमलीवर हात टेकून उभा होता. त्यानं तो हात उचलला, आणि कुठं ठेवावा हे न सुचून मागं घेतला. "म्हणजे," तो सावकाश म्हणाला, "तुम्ही आमच्यासाठी कफन शिवलंत."

"नाही साहेब," ती म्हणाली. तिचा आवाज तिलाच परका वाटला, आत्याचा वाटला. "ते आम्ही फक्त आपल्या माणसांचं शिवतो."

हे ऐकून मास्तरनं डोळे मिटून घेतले. अधिकाऱ्यानं तिच्याकडे पाहिलं, चष्मा लावून पुन्हा पाहिलं, आणि शिपायाला म्हणाला, "हिला सोडा. ह्यांना घ्या. कोट घालू द्या, बाहेर गार आहे." शिपायानं काजवालीचा दंड सोडला. बारीकताईनं कोट चढवला. हात बाहीत जाईनात, दोनदा चुकले. नवऱ्याला कोण सांगेल, हे तिला विचारायचं होतं आणि कुणाला विचारावं ते कळत नव्हतं.

"थांबा," काजवाली म्हणाली.

ते इतकं रोजच्या आवाजात होतं की शिपाई खरंच थांबला. काजवालीनं खुर्चीवरची आपली सुई उचलली, तीत काळा दोरा होताच, ती सरळ येऊन बारीकताईपुढं उभी राहिली आणि लोंबणारं दुसरं बटण चिमटीत धरलं. "महिनाभर उद्या उद्या चाललंय हिचं," ती कुणाकडेच न बघता म्हणाली. नाक गळत होतं, ते तिनं बाहीला पुसलं. रिळावरून बोटभर दोरा तोडला आणि तिच्या ओठांशी धरला.

"हं. चाव."

तिनं तोंड उघडलं. दोऱ्याला मेण होतं, ते दातांना चिकटलं, जुन्या मेणबत्तीची चव आली. काजवालीनं बटणातून सुई चारदा घातली, मागं दोरा गुंडाळला, गाठ मारली, ओढून पाहिली, त्यावर दुसरी गाठ मारली. अधिकारी घड्याळ बघत होता. ती दोरा चावत होती, आणि दाराबाहेर पडेपर्यंत, पायऱ्या उतरेपर्यंत, मोटारीचं दार लागलं तरी, चावतच राहिली.